नऊ मिनिटांची शिडी

लिफ्ट तिसऱ्या आणि चौथ्या मजल्याच्या मधे अडकली, दिवा एकदा मिचकावला, पुन्हा लागला, आणि त्याचा उजवा हात त्याला न विचारताच कोटाच्या खिशात गेला. खिशात बोथट टोकाची छोटी कात्री होती, ती बाहेर आली. डाव्या हातात औषधाची पुडी होती, तिचा कागद सुटा झाला, गोळ्या दुसऱ्या खिशात पडल्या. कात्री दोनदा नुसती हवेत वाजली, टक टक, आणि मग कागदाच्या बारीक चुण्या पडू लागल्या. हे सगळं होऊन गेल्यावर त्याच्या लक्षात आलं की आपण एकटे नाही. पाचव्या मजल्यावर पंधरा दिवसांपूर्वी राहायला आलेली मुलगी कोपऱ्यात उभी होती आणि घंटेचं बटण दाबून दाबून तिचं बोट पांढरं पडलं होतं. "घाबरू नकोस," तो म्हणाला, "मधे अडकायची मला सवय आहे. सहा वर्षं मधल्या जागेतच काढलीत." ती कसनुसं हसली. मग तिचं लक्ष कात्रीकडे गेलं आणि बटणावरचं बोट खाली आलं. कागद एका बाजूने कापला जात होता, मग दुसऱ्या बाजूने, आणि त्याने दोन टोकं धरून ओढली तेव्हा पुडीच्या कागदाची हातभर लांब शिडी झाली. "काका, हे मी पाहिलंय," ती म्हणाली. "कुठे पाहणार तू? तुझा जन्मही नव्हता." "गेल्या मंगळवारी पाहिलंय. ऑफिसात. सुरू करायच्या आधी कात्री दोनदा वाजवायची, तीसुद्धा." तिने मान वर करून त्याच्या तोंडाकडे पाहिलं, नीट पाहिलं, एखादी वस्तू ठेवलेली जागा सापडत नसावी तसं, आणि पुन्हा त्याच्या हातांकडे पाहिलं. "तुम्हीच आहात," ती म्हणाली, आणि लिफ्टला गचका बसला.

एवढंच झालं होतं. पण घरात शिरून बूट काढताना त्याला एक बूट किती तरी वेळ निघेना. ती मुलगी टीव्हीच्या जुन्या कोठारात कामाला होती. तिथल्या रिळांची यादी करायचं काम. 'हवामान' अशी चिठ्ठी लावलेल्या एका डब्यात हवामान नव्हतंच, शनिवार संध्याकाळच्या करमणुकीच्या कार्यक्रमाचा एक तुकडा होता: कुत्र्यांचा खेळ, कुत्री पळतात, आणि मग कागद कापणारा माणूस. यादीत तिने लिहिलं होतं, 'कागद कापणारा, नाव माहीत नाही.' शुक्रवारी या, म्हणाली, दाखवते. त्याने हे बायकोला सांगितलं तेव्हा ती खिडकीत बसून त्याच्या शर्टाला बटण लावत होती. ती एकदम आनंदेल, असं त्याला वाटलं होतं. तिने दोरा दाताने तोडला. "कशाला जुनं उकरायचं?" ती म्हणाली. "अगं, उकरायचं काय त्यात? मी आहे त्यात. मी स्वतःला कधी पाहिलंय का?" "रोज सकाळी आरशात अर्धा तास पाहता, ते कोण असतं?" ती म्हणाली, पण तिचा आवाज थट्टेत पुरता उतरला नाही. आणि सुई टोचून ठेवायची गादी हाताशी असताना ती सुई तिने पदराला टोचली. पन्नास वर्षांच्या संसारात माणसाला असल्या गोष्टी दिसतात. त्याला त्या दिसल्या.

खरं तर तो कलावंत वगैरे नव्हता. तयार कपड्यांच्या कारखान्यात कागदाचे नमुने कापायचा: बाही, कॉलर, पाठ, पुढा. खाकी कागद, लांब टेबल, डोक्यावर दिवा, आणि दिवसभर कात्रीचा एकसुरी आवाज. त्या आवाजात तो सुखी होता. जेवणाच्या सुट्टीत उरल्या तुकड्यांतून पाखरं, जहाजं, टोपीवाली माणसं कापायचा, आणि शिलाईच्या बायका ती आपल्या मशिनींवर चिकटवायच्या. त्यांतल्या एकीचा भाऊ टीव्हीत दिवे लावायचा. टीव्ही तेव्हा नवाकोरा होता. सगळं थेट, घडेल तसं घरोघर दिसायचं. एकाच मोठ्या खोलीत तीन कोपऱ्यांत तीन देखावे लावलेले असत, एका कोपऱ्यात गाणारी बाई गायची तोवर दुसऱ्या कोपऱ्यात जादूगाराची पेटी आणायची. आणि ती वेळेत आली नाही तर? तर मधे एक भोक पडायचं, आणि त्या भोकातून अख्ख्या शहराला सुतारांची धावपळ दिसायची. ते भोक बुजवायला त्यांना एक माणूस हवा होता, सामान नसलेला, कुठेही उभा करता येणारा, आणि मुख्य म्हणजे कुठेही तोडता येणारा. गाणं मधे तोडता येत नाही. विनोद तर त्याहून नाही. कागदाची शिडी मात्र कुठल्याही पायरीवर थांबते. एका कागदाची शिडी संपत आली की दुसऱ्या कागदाची पहिली पायरी तिच्यात अडकवायची, आणि पुढे चालू. त्याला घ्यायला पाच मिनिटंही लागली नाहीत.

स्टुडिओतला व्यवस्थापक बोलत नसे. बोलला तर घरोघर ऐकू गेलं असतं. तो बोटांनी सांगायचा, म्हणून सगळे त्याला बोटं म्हणत. दोन बोटं म्हणजे दोन मिनिटं. दोन्ही हात रबर ताणल्यासारखे लांब केले की लांबव बाबा. मूठ मिटली की संपव. त्या मुठीकडे डोळा ठेवून, हात कागदावर ठेवून, तोंडावर हसू ठेवून उभं राहायचं. हसू तर त्याने घरी आरशासमोर घोटवलं होतं. फार दात नकोत, नाही तर दातांच्या डॉक्टरची जाहिरात वाटते, असं बायकोचं मत. समोर एकच कॅमेरा असायचा, बाकीचे पुढच्या देखाव्याकडे पळालेले. त्याच्यावर तांबडा दिवा लागला की त्या दिव्याकडे पाहून तो हसायचा. कॅमेऱ्याच्या तोंडावर चार भिंगं होती, फिरत्या चकतीवर बसवलेली, आणि कॅमेरावाला खटकन चकती फिरवून हवं ते भिंग समोर आणायचा. ती चकती त्याला एखाद्या फुलासारखी वाटायची. ती फिरली की मनात म्हणायचा, देवा, नीट बघ रे.

पांढरा कागद चालत नसे. पहिल्याच दिवशी वरच्या काचेच्या खोलीतून निरोप आला, कागद पडद्यावर पेटतोय, आग लागल्यासारखा दिसतोय, काही तरी करा. त्यावर इलाज काढला बायकोने. शुक्रवारी ती पातेलंभर चहा करायची, बिनदुधाचा, आणि त्यात एकेक ताव बुडवून दोरीवर वाळत घालायची. शनिवारी तो चहाच्या रंगाचे, चहाच्या वासाचे, किंचित कडक झालेले कागद कोटात घालून निघायचा आणि शहरभर लोक ते पांढरेशुभ्र पाहायचे. "आपला चहा लोक डोळ्यांनी पितात," ती म्हणायची. घरात टीव्ही नव्हता. इमारतीत एकच होता, घड्याळं दुरुस्त करणाऱ्या शेजाऱ्याकडे, आणि सगळा मजला तिथे गोळा व्हायचा. ती तिथे बसून पाहायची, आणि तो परतला की त्याला सगळं सांगायची. तो टोपीसुद्धा न काढता विचारायचा, "कसं झालं? हसू कसं आलं?" आणि ती सांगायची. सुरुवातीला थोडे गंभीर होतात. दुसऱ्या कागदाला हसलात, छान हसलात. आज भुवया जरा जास्त वर गेल्या. आज बोटंच्या कुठल्याशा वेडेपणाला तुम्ही गालातल्या गालात हसलात, खरं की नाही? खरंच असायचं. ती सांगायची तसं तो मनात स्वतःला पाहायचा. त्याच्याजवळ त्याचं जे काही चित्र होतं, ते असं, तिच्या तोंडून आलेलं होतं. कार्यक्रम साठवून ठेवायची सोय तेव्हा जवळजवळ नव्हतीच. आणि पुढे ती सोय आली तेव्हा जुनं पुसून त्याच फितीवर नवं घेत. सहा वर्षांचे शनिवार आले तसे हवेत गेले. हवेत गेले असं तो म्हणायचा, वाया गेले असं कधी नाही.

कुत्र्यांचा शनिवार त्याला काल घडल्यासारखा आठवत होता. पाच पांढरी कुत्री झगे घालून मागच्या पायांवर चालणार होती. तिसऱ्या कुत्र्याने दिव्याची तार पाहिली, मालकाने शिट्टी मारली, आणि पाचही कुत्री पाच दिशांना गेली. तांबडा दिवा त्याच्यासमोर लागला. बोटंने दोन बोटं दाखवली, मग तीन, मग बोटं संपली आणि त्याने रबर ताणलं, ताणलं, हात दुखेपर्यंत ताणलं. त्याच्या पायांमधून झगा घातलेलं एक कुत्रं गेलं. तो कापत राहिला. आठ ताव होते. सातव्या तावाला त्याला वाटलं, संपलं सगळं, आणि त्याने खालचा ओठ दातांत धरला. मग तोही सोडला आणि कापत राहिला. नऊ मिनिटं. त्या रात्री बायको म्हणाली होती, "घाबरला नाहीत मुळीच. एकदाच ओठ चावलात, शेवटी शेवटी." तो चकित झाला होता. ओठ त्याने क्षणभरच चावला होता. एवढं बारीक बघते ही! तेव्हापासून तिच्या शब्दावर त्याचा सहीशिक्का बसला होता.

मग ती उकरायचं नको का म्हणते? दोन दिवस तो याच प्रश्नाभोवती फिरला. दाढी करताना, फुलझाडाला पाणी घालताना. उत्तर एकच दिसत होतं आणि ते बरं नव्हतं: की तो वाईट दिसत होता. हसू ओशाळं होतं, किंवा चक्क वेंगाडल्यासारखं, आणि तिने नवऱ्याचं मन राखायला सहा वर्षं गोड गोड सांगितलं. या तर्काला पुरावाही होता. त्याला रस्त्यात कुणी कधी ओळखलं नव्हतं. त्या दिवसांत तो रविवारी मुद्दाम टोपी काढून, चांगल्या दुकानांवरून सावकाश चालायचा. एकदा टीव्हीच्याच दुकानासमोर उभा राहिला, काचेत आत दहा पडदे, बाहेर तो. दुकानदार बाहेर आला आणि म्हणाला, "जरा बाजूला व्हा, काचेवर सावली पडते." तो हसत हसत घरी येऊन हे सांगायचा, आणि बायकोही हसायची, पण आता आठवून पाहता ती जरा उशिरा हसायची. शेजारचा घड्याळवाला जिन्यात भेटला की, "काय हात आहे हो तुमचा!" एवढंच म्हणायचा. तोंडाबद्दल एक अक्षर नाही. चेहराच असा असेल का आपला, पाण्यावर काढलेल्या रेघेसारखा? पुढे कार्यक्रम आधी चित्रित करून मग दाखवायला लागले. मधल्या फटी कात्रीने कापून टाकता येऊ लागल्या आणि फटीतल्या माणसाचं काम राहिलं नाही. त्याला कुणी काढून टाकलं नाही, फक्त शनिवारी बोलावणं आलं नाही. त्याला त्याचं दुःख झालं नव्हतं. कारखाना होताच, खाकी कागद होता, संध्याकाळी दोघांना पुरेल एवढं बोलणं होतं. पण या सगळ्या समाधानाच्या तळाशी एक वीट होती, आणि त्या विटेवर तिने सांगितलेलं त्याचं हसू कोरलेलं होतं. ती वीट काढून बघायची की नाही, एवढाच प्रश्न होता.

गुरुवारी त्याला मामा आठवला. मामा गाऊन देवाच्या गोष्टी सांगायचा. गावोगाव बोलावणं असायचं, आणि लहानपणी तो मामाच्या पायांशी बसून ऐकायचा. मामाला पुढची ओळ कधी कधी आठवत नसे. मग तो थांबत नसे, आवाज खाली आणून एक छोटीशी दुसरीच गोष्ट काढायचा, एका कुंभाराची, एका आंधळ्या बाईची, एका गाढवाची. आणि ओळ आठवली की गाढवाला जिथल्या तिथे सोडून गाण्यावर परत यायचा. लोक घरी जाताना गाढवाचीच गोष्ट आठवत जायचे. "मामा, हे खोटं सांगतोस तू, मधलं," तो एकदा म्हणाला होता. मामाने पाणी पीत पीत सांगितलं, "वेड्या, मोठ्या गोष्टीत देव पाहुण्यासारखा येतो, वेळेवर येतो, हार घालून जातो. पण मधल्या जागेत तो घरच्यासारखा बसलेला असतो, कुणाला न सांगता. त्याला ताटकळत ठेवू नये." स्टुडिओत तांबडा दिवा लागला की त्याला दरवेळी हे आठवायचं. आता त्याच्या मनात आलं, देव तेव्हा तिथे बसला असेल तर त्याने पाहिलं असेलच. मग मी पाहायला काय हरकत आहे?

शुक्रवारी बायको म्हणाली, माझा गुडघा धरलाय, तुम्ही जाऊन या. तो बरं म्हणाला. कोट घातला, कात्री खिशात आहे की नाही ते चाचपलं, आणि दार उघडलं तर ती चपला घालून मागे उभी. "गुडघा?" "घरी ठेवलाय," ती म्हणाली.

कोठार तळघरात होतं, थंड, व्हिनेगरसारखा वास येणारं. मुलीने दोन खुर्च्या मांडल्या, दिवा मालवला, आणि भिंतीवरच्या पडद्यावर करडा पाऊस पडायला लागला. मग गाणाऱ्या बाईची शेवटची तान, मग कुत्री. एक, दोन, आणि तिसऱ्याची मान वळली. त्याला हसू आलं. शिट्टी. पांढऱ्या झग्यांची पळापळ. चित्र एकदम तुटलं, आणि पडदाभर दोन हात उभे राहिले. मोठे, तरुण, नखं नीट कापलेले हात. कात्री दोनदा वाजली. कागद पांढराशुभ्र होता. तो वाट पाहू लागला. आता कॅमेरा मागे येईल. आता वर जाईल. एक ताव संपला, दुसरा अडकवला गेला, हात कापत राहिले. मनगटापाशी कफ होते, ते तिनेच शिवलेले. कफांच्या वर काही नव्हतं. तिसरा ताव. त्याला त्या फिरत्या चकतीची आठवण झाली, चार भिंगांची, आणि त्याच्या लक्षात येऊ लागलं की तांबड्या दिव्याने कॅमेरा चालू आहे एवढंच कळायचं, कुठलं भिंग समोर आहे ते कधीच नाही. माणूस पूर्ण दाखवला असता तर मागे सुतार दिसले असते, कुत्री दिसली असती. भोक बुजवायचं म्हणजे असंच बुजवायचं. "सगळ्या वेळी असंच?" त्याने अंधारात विचारलं. प्रश्न मुलीला होता की बायकोला हे त्यालाही ठाऊक नव्हतं. "सगळ्या वेळी," बायको म्हणाली.

सहा वर्षं तो त्या तांबड्या दिव्याकडे पाहून हसला होता आणि ते हसू कुठेच गेलं नव्हतं. आणि मग तिचं बोलणं? पडद्यावर चौथा ताव सुरू झाला. पायांतून कुत्रं गेलं असावं, कारण हात जरासे हलले. "पहिल्याच दिवशी तुम्ही विचारलंत, हसू कसं आलं," ती हळूच सांगू लागली. "मला वाटलं, यांना माहीत असेल, थट्टा करताहेत. मग तुमचं तोंड पाहिलं. टोपीसुद्धा काढली नव्हती. मी म्हटलं, छान. मग पुढच्या शनिवारी थांबायचं कुठे? मला मूठ दाखवायला कोण होतं?" "म्हणजे सगळं मनाचं," तो म्हणाला. "मनाचं कसं? अहो, दिसत होतं!" ती एवढ्या जोरात म्हणाली की मुलीने वळून पाहिलं. "समोर बघा. हं. आता. आता हसलात." तो बघू लागला. कात्री चालत होती, आणि एका ठिकाणी ती किंचित मंदावली, एखादा माणूस घराच्या ओळखीच्या वळणावर मंदावतो तशी, आणि पुन्हा चालू लागली. "हसलात की तुमची कात्री रेंगाळते. आता भुवया वर. अंगठा बघा, कसा ताठ होतो. आता बोटंने काही तरी केलं, तुम्ही गालात हसताय. बघा, बघा." त्याला आठवलं. बोटं तेव्हा रबर ताणताना मागच्या बादलीत बसला होता. सहावा ताव संपला. सातवा अडकवला. तिने त्याचं मनगट धरलं आणि दोघंही श्वास धरून बसली. पडद्यावर उजव्या हाताची करंगळी कात्रीपासून सुटी झाली, ताठ उभी राहिली, आणि क्षणभराने परत आपल्या जागी गेली. "ओठ," ती म्हणाली.

शिडी पडद्याच्या खालच्या कडेबाहेर गेली होती, कुठवर गेली होती ते दिसत नव्हतं. मग हात एकदम थांबले, आणि अख्खा कागद एका झटक्यात वर उचलला गेला, आणि करडा पाऊस पुन्हा सुरू झाला. मुलीने दिवा लावला. तिच्या हातात यादीचं कार्ड होतं. "काका, म्हणूनच मला लिफ्टमध्ये तोंडावरून ओळखता येईना," ती म्हणाली, "हातावरून लगेच ओळखलं." तेव्हा कुठे ते त्याच्या डोक्यात पुरतं शिरलं. टोपी काढून चाललेले ते रविवार. दुकानासमोरची ती सावली. घड्याळवाल्याचं जिन्यातलं "काय हात आहे हो!" लोक विसरले नव्हते, लोकांना दाखवलाच नव्हता तो. एवढी वर्षं त्याने त्या सगळ्या भल्या माणसांवर मनातल्या मनात किंचितसा रुसवा धरला होता. तो रुसवा इतका जुना झाला होता की आता गेल्यावर त्या जागी हलकं हलकं, उघडं वाटू लागलं. त्याने मुलीला नाव सांगितलं, स्पष्ट, एकेक अक्षर सुटं करून, आणि तिने कार्डावरचं 'माहीत नाही' खोडलं. "आणखी काही लिहू?" तिने विचारलं. "कागद चहात बुडवलेला होता, असं लिही," तो बायकोकडे बोट करून म्हणाला. "ते हिचं काम." "दुधाशिवाय," बायको म्हणाली. "ते पण लिही."

परतताना बसमध्ये गर्दी नव्हती. ती खिडकीशी बसली आणि बाहेरची दुकानं पाहू लागली. तिची मान पुरती बाहेर वळलेली होती. त्याचा हात तिच्या हातात राहिला होता, कोठारापासून. त्याला एक विचारायचं होतं आणि विचारायची लाज वाटत होती, पंचाहत्तरी उलटलेल्या माणसाने विचारू नये असं काही तरी. पुलावर बस हळू झाली. "अगं," तो म्हणाला, "आता कसा दिसतोय?"

तिने मान वळवली नाही. अंगठ्याने त्याची करंगळी, मग तळवा, मग बोटं सावकाश चाचपली.

"हसताय," ती म्हणाली. "आणि पोट आत ओढून बसलाय. सोडा ते. कुणी बघत नाहीये."

त्याने पोट सोडलं. हसू राहू दिलं.